एकाच दगडावर

सेनोवारा नवसाचा दगड नको म्हणून सांगायला आली होती. नवस फळायच्या आत दगड घडवायला टाकू नये, हे रोमनांच्या भिंतीलगतच्या वस्त्यांत शेंबड्या पोरालाही कळतं. पण तिला धीर कुठला! पोराला पलटणीनं नेऊ नये म्हणून नवस बोलली आणि लगेच दगड घडवायला टाकून मोकळी झाली. बेलातुकाद्र आपल्या मातीतला देव, आईचा शब्द मोडायचा नाही, असं धरून ती निर्धास्त झाली होती. आणि काल पलटणीवाल्यांनी तिच्या एकुलत्या एका पोराला निवडलं. आता तो समुद्रापलीकडे जाणार आणि केस पिकल्यावर परतणार. परतला तर.

पाथरवट तास्कोच्या छपरात ती वाकून शिरली, तर तिचा नेक्तो आधीच तिथे उभा.

"आई? तू कशी इथं?"

"तू कसा?"

नेक्तोनं मान खाली घातली. "नवस बोललो होतो. पलटणीत घेतलं तर दगड बसवीन म्हणून. मागच्या साली बुटका म्हणून हाकललं होतं ना मला, गावभर हसं झालं. उद्या निघायचंय. नवस न फेडता गेलो तर देव वाटेत गाठेल."

"देवाशी बोलायला सुचलं, मला सांगायला नाही सुचलं!" तास्को करवादला. "एका दिवसात दगड होतो होय? हा एक तयार आहे, पण तो वहिनींचा. नाव तेवढं घालायचं राहिलंय."

दगडावर देवाचं नाव कोरून झालं होतं. नवस कशासाठी, ते दगडावर कुणी लिहीत नाही. ते ज्याचं त्याला आणि देवाला माहीत.

नेक्तो दगडाकडे बघत राहिला. "तू काय मागितलं होतंस गं?"

देवाचा सेनोवाराला असा राग आला होता, की तो दगड उचलून ओढ्यात भिरकावावा. पण खरं सांगितलं, तर पोरगा जायचा तो जाणारच, वर मनाला टोचणी घेऊन जाणार.

"तू मागितलंस तेच," ती म्हणाली.

"तरीच!" नेक्तोचा चेहरा फुलला. "माझ्या एकट्याचं तो ऐकणाराच नव्हे. काका, आईचं नाव घाला. माझ्या आधी."

तास्को छिन्नी घेऊन बसला. सेनोवाराला अक्षर येत नव्हतं. ती नुसती ठकठक ऐकत, पोराच्या खांद्यावर हात ठेवून उभी राहिली.

"काय लिहिताय, भावजी?"

"लिहितात तेच. बेलातुकाद्र देवाला, सेनोवारा आणि तिचा मुलगा नेक्तो यांनी नवस फेडला, राजीखुशीनं."



"ते शेवटचं जरा खोल खोदा," ती म्हणाली.