रोवणीचं नवं गाणं

चूल, दोन लेकरं आणि रोवणीची मजुरी सांभाळून रंजिता गाणी रचायला शिकत होती. तिचं पहिलं गाणं आज लीलाबाईच्या टोळीनं इंदरलालच्या शेतातल्या बांधीत धान रोवताना म्हटलं. चाल संथ होती, म्हणून बायांचे हातही संथ चालले. दुपारपर्यंत अर्धी बांधीसुद्धा झाली नाही.

"काऊन वो, आज झोपेत रोवून राहिल्या का?" इंदरलाल बांधावरून ओरडला.

रंजिताचा चेहरा उतरला. "मावशी, माझं गाणं फसलं. उद्यापासून जुनंच म्हणा."

"कायले? दिवसाच्या रोजीच्या कामाले हेच बेस आहे," लीलाबाई हळूच म्हणाली. "परवापासून एकराच्या गुत्त्यानं रोवाचं आहे, जेवढं रोवू तेवढेच पैसे. त्याच्यासाठी एक पळतं गाणं रच."