मनगटापर्यंत बाह्या

"असली बिनबाह्यांची पोलकी घालायची असतील तर या घराची पायरी चढू नकोस," आई म्हणाली होती. तेव्हा तेन्मोळीचे सिनेमे धो धो चालत होते. तिनं पायरी सोडली, पोलकी नाही सोडली.

पुढे सिनेमे आटले आणि पक्षानं तिकीट दिलं. मग शिफॉन गेलं, पक्षाच्या रंगाच्या काठाची सुती साडी आली, अंबाडा आला, बाह्या उतरत उतरत मनगटापर्यंत आल्या. मंत्री झाल्यावर ती कुंभकोणमच्या दौऱ्यात घरी गेली. आई हल्ली कुणाला ओळखत नाही, असं भावानं फोनवर सांगितलं होतंच.

दार आईनंच उघडलं. तिनं साडीचा काठ पाहिला, मनगटापर्यंतच्या बाह्या पाहिल्या आणि कार्यकर्ते 'अम्मा, अम्मा' करत घालतात तसं तेन्मोळीच्या पायांवर लोटांगण घातलं.

"अम्मा, एवढं एक काम करा. माझी पोर मद्रासला सिनेमात असते. तिला म्हणावं, तुला काय हवं ते घाल, पण घरी ये गं."

तेन्मोळीनं तिला खांद्याला धरून उठवलं. रोज सगळ्यांना म्हणते तेच तिच्या तोंडून निघालं.

"बघते मी. तुम्ही काळजी करू नका."