नाही म्हणायचं नाही

“लिफ्ट!” मागच्या रांगेतून कोणीतरी ओरडलं.

रुचिराने मनातल्या मनात हात जोडले. त्याआधी प्रेक्षकांनी ‘संडास’, ‘बॉस’ आणि पुन्हा एकदा ‘संडास’ असे विषय दिले होते. दर रविवारी दुपारी अंधेरीच्या त्या तळघरात लोक तिकीट काढून येत आणि जगातले सगळे विषय सोडून संडासाशीच अडत.

“लिफ्ट झकास!” ॲड्रियन म्हणाला. ‘ऐनवेळी’ मंडळीत शिट्टी मारून प्रवेश सुरू करायचा आणि रंगला की शिट्टी मारूनच तोडायचा, हे त्याचं काम. लिहिलेलं काही नाही, पाठ केलेलं काही नाही. प्रेक्षकांनी विषय द्यायचा आणि रुचिरा नि तिचा नवरा सहदेव यांनी जागच्या जागी गोष्ट उभी करायची. नियम एकच. समोरचा जे म्हणेल ते मान्य करायचं आणि त्यात आपली भर घालायची. नाही म्हणायचं नाही. म्हटलं, की प्रवेश तिथेच मेला.

हा नियम सहदेव जिवापाड पाळायचा. गेल्या रविवारी रुचिराने त्याला सांगितलं, आपण कबुतरं आहोत आणि एसीवर घरटं बांधायचंय. गडी लगेच तोंडात काडी धरून तयार! लोक हसून हसून आडवे झाले. आणि घरी? चव्हाट्यावरचा हा पोपट घराचा उंबरा ओलांडला की मुका. काहीही विचारा, एकच उत्तर. “बघू.”

नळ गळतोय, प्लंबरला बोलवायचं? बघू. माझ्या आईला बोरिवलीला आपल्याकडे आणायचं? बघू.

या दुसऱ्या ‘बघू’ने रुचिराच्या डोक्याचा पार भुगा केला होता. आई घाटकोपरला एकटी. मोरीत घसरून खुबा दुखावला, तेव्हापासून भिंत धरून चालते. हाकेला धावून येणारी शेजारची नलिनीमावशी महिनाअखेरीला मुलाकडे विरारला राहायला जाणार. मग आईला पाणी कोण देणार? रुचिराने गोड बोलून विचारलं, भांडून विचारलं, दोन दिवस अबोला धरून पाहिला. सहदेव ताटात बघायचा, नाहीतर गॅलरीत जाऊन उभा राहायचा. आजही निघताना तिने विचारलंच होतं. “शो झाल्यावर बघू ना,” असं म्हणून त्याने रिक्षाला हात केला.

ॲड्रियनची शिट्टी वाजली. सहदेवने हवेतलं दार ओढलं, हवेतलं बटण दाबलं. दोघं अंग चोरून उभे राहिले. त्याने बटण पुन्हा दाबलं, मग बुक्क्या मारल्या.

“अडकलो,” तो लोकांकडे बघून केविलवाणं म्हणाला. खसखस पिकली.

तेवढ्यात रुचिराच्या मनात आलं, इथे हा नाही म्हणू शकत नाही. इथून गॅलरीतही जाता येत नाही.

“बरं झालं अडकलो,” ती म्हणाली. “घरी तू हाताला लागतोस कुठे? सहदेव, माझी आई आपल्याकडे राहायला येतेय. कायमची.”

कडेला ॲड्रियनच्या भुवया वर चढल्या. स्टेजवर खरी नावं घ्यायची नाहीत, हे मंडळीतलं साधं पथ्य. सहदेवलाही काय ते कळलं. त्याने पाठ फिरवली आणि पुन्हा बटण दाबायला लागला.

“बटण सोड. उत्तर दे.”

“वाट लागली रे भावाची!” पुढच्या रांगेतून एकजण म्हणाला. सगळे हसले. रुचिरा हसली नाही. बोल म्हणावं आता, एवढ्या लोकांदेखत बोल.

सहदेव हळूहळू वळला. “हो,” तो म्हणाला. “येऊ दे.”

टाळ्या पडल्या. रुचिराच्या छातीवरचा धोंडा उतरला. जिंकलं बाई एकदाचं! पण नियम अजून अर्धाच पाळून झाला होता.

“आणि माझी आईपण येतेय,” सहदेव म्हणाला.

हॉल नुसता फुटला. लोक मांड्यांवर थापा मारू लागले.

“कधी ठरलं हे?” रुचिराचा आवाज चिरकला.

“दादा म्हणतो, इतकी वर्षं गावी मी सांभाळली, आता तुझी पाळी. गणपती झाले की आणून सोडतो. तुला कुठल्या तोंडाने सांगू गं? आपली एक बेडरूम. तुझ्या आईला हो म्हटलं तर माझीला ठेवू कुठे? आणि तुझीला नाही तरी कसं म्हणू?”

“काय सुचतं यार याला!” कोणीतरी ओरडलं. शिट्ट्या वाजल्या. रुचिराने नवऱ्याकडे नीट पाहिलं. स्टेजवर सहदेवचे हात कधी स्वस्थ नसत. आत्ता ते दोन्ही बाजूंना नुसते लोंबत होते. याला काही सुचत नव्हतं. हा सांगत होता.

आता बोलायची पाळी तिची होती, आणि नियम तिलाही होता.

“हो,” ती म्हणाली. “त्याही येऊ देत. दोघी बेडरूममध्ये झोपतील, आपण बाहेर पथारी टाकू. पण सांगून ठेवते, माझी आई रात्रभर घोरते. भिंती हलतात. तुझ्या आईच्या डोळ्याला डोळा लागायचा नाही.”

“घोरू दे की,” सहदेव म्हणाला. “आईला आता काहीच ऐकू येत नाही.”

लोक उभे राहून हसले. ॲड्रियनने शिट्टी मारली, दिवे गेले. टाळ्या काही थांबेनात, आणि रुचिरा अंधारात उभी राहून आठवत होती, सासूला शेवटचा फोन आपण कधी केला होता. काही केल्या आठवेना.