समजूत

“खोटं कशाला बोलू? ते नाव मीच ठेवलंय,” दुकानदार म्हणाला आणि मान खाली घालून काउंटरची काच पुसू लागला.

काचेवर दोन कानांचं, झाकणाचं चांदीचं वाडगं होतं. जुन्या चांदीच्या धंद्यात या घडणीच्या वाडग्याला सगळे ‘समजूत’ म्हणतात. संग्रहालयातली बाई अशा भांड्यांच्या नावांचा कोश करत होती. या एका नावाचं मूळ विचारत विचारत ती इथवर आली होती.

आतल्या खोलीत दुकानदाराची बायको भांड्यांच्या जुन्या पेट्यांना मखमलीचं अस्तर लावत बसली होती. त्याने आवाज खाली आणला.

“लग्नाला वर्ष झालं असेल. कशावरून तरी जुंपली. ही बॅग भरून दारात. मला काही सुचेना. हाताशी हे वाडगं होतं, त्यात सफरचंद चिरून पुढे केलं. म्हटलं, याला समजूत म्हणतात. रुसलेल्या माणसाला यातून खायला देतात, आणि वाडगं रिकामं होईपर्यंत त्याने उंबरठा ओलांडायचा नसतो.”

“मग?”

“इतकं सावकाश खाल्लं तिने, की गाडी चुकली.”

बाई खुदकन हसली.

पुढे तीच थाप त्याच्या तोंडून गिऱ्हाइकांकडे गेली, आणि गिऱ्हाइकांकडून इतर दुकानांत. एकदा भर लिलावात एका बड्या जाणकाराने त्याला पुरावा विचारला. त्याची बोबडी वळली. सगळे फिदीफिदी हसले. त्या दिवशी तो घरी येऊन जेवला नाही. बायकोच्याही घशाखाली घास उतरला नाही.

“छापायचं तर खरं तेच छापा,” तो म्हणाला. “हसतील लोक, हसू देत. या वयात थाप पुढे रेटायची नाही मला.”

बाईने पिशवीतून एक फोटो काढला. पिवळ्या पडलेल्या कागदाचा.

“हे पत्र आम्हाला लिलावात घेतलेल्या एका भांड्याच्या पेटीत सापडलं, अस्तराखाली. दीडशे वर्षांपूर्वीची तारीख आहे. आई लेकीला लिहितेय, जावई रुसले तर समजुतीत फळं घालून दे. तुम्ही हे नाव लहानपणी कुठेतरी ऐकलं असणार आणि विसरला असणार. नाव अस्सल आहे, काका.”

दुकानदाराने फोटो डोळ्यांजवळ नेऊन ते वाक्य दोनदा वाचलं. तिला दारापर्यंत सोडून तो तडक आतल्या खोलीत गेला.

“अगं, ऐकलंस का? माझी थाप खरी निघाली! दीडशे वर्षांपूर्वीचं पत्र सापडलंय. इतकी वर्षं उगाच तोंड लपवत हिंडलो मी!”

बायकोने सुई बाजूला ठेवली. त्याचा फुललेला चेहरा ती डोळे भरून बघत राहिली.

“गेल्या का त्या बाई?”

“गेल्या.”

“शाई नाही ना हो तपासली त्यांनी?”