एकसारखे डोळे

बाळाच्या डाव्या बाहुलीत, मध्यापासून जरा खाली, मोहरीच्या अर्ध्या दाण्याएवढा पांढरा ठिपका होता. त्याला नीट कड नव्हती. काचेवर सोडलेला श्वास कडेकडेने विरत जातो, तसा तो विरला होता. उजवी बाहुली फ्लॅशने लालबुंद झाली होती, निरोगी डोळ्याची होते तशी.

फोटोग्राफरने कॉम्प्युटरच्या पडद्यावरचा फोटो आणखी मोठा केला. मग लहान केला. सकाळी स्वतःच काढलेला आपल्या बाळाचा हा फोटो तो तेव्हापासून असा लहानमोठा करत होता. स्टुडिओचं शटर अजून अर्धंच उघडलं होतं.

"किती वेळा बघशील? बघून पुसला जाणार आहे का तो?" बायको त्याच्या खुर्चीमागे येऊन उभी राहिली. "ऑपरेशनचं सिस्टरना दुपारपर्यंत सांगायचंय. एवढ्या लहान बाळांना भूल देणारे डॉक्टर गुरुवारी येतायत. नंतर महिनाभर नाहीत."

"कळवतो म्हटलंय मी."

"दर वेळी तेच म्हणतोस. सिस्टर आता तुझा आवाज ऐकला की हसत असतील."

त्याने आपल्या करंगळीकडे पाहिलं. बाळाच्या अख्ख्या मुठीत त्याच्या करंगळीचं एक पेर कसंबसं मावायचं. या एवढ्याशा जिवाला भूल द्यायची.

"आणि उठलाच नाही तर?"

"मला काय भीती वाटत नाही?" तिचा आवाज खाली आला. "नुसता झोपला तरी मी नाकापुढे बोट धरून बसते. तिकडे दाराबाहेर काय होणार आहे माझं, देव जाणे. पण तू एकदाचं हो म्हण, नाहीतर नाही म्हण. हे लोंबकळणं नको."

पांढऱ्या पडद्यासमोरच्या, गिऱ्हाइकांच्या स्टुलावर त्याची आई नातवाला मांडीवर घेऊन बसली होती. "मी म्हणते, घोडं कुठे अडलंय? वर्षाचा होऊ दे. अंगाने भरू दे. पोर काय पळून चाललंय?"

"पोर नाही आई, नजर चाललीय," बायको म्हणाली. "डॉक्टरांनी तुमच्यासमोरच सांगितलं ना? डोळा पोटात तयार होतो. भिंग तर दुसऱ्या-तिसऱ्या महिन्यातच. पण बघायचं कसं, ते मेंदू शिकतो बाळ बाहेर आल्यावर, याच दिवसांत. ज्या डोळ्याकडून त्याला काही मिळत नाही, त्याच्याशी तो बोलणंच टाकतो. मग वर्षाने ऑपरेशन केलं तरी डोळा नुसता शोभेचा."

"डॉक्टरांचं काय जातंय? त्यांना रोज दोन-चार डोळे लागतात कापायला." आईने भिंतीवरच्या, बाळाच्या पहिल्या फोटोच्या फ्रेमकडे हनुवटी उडवली. "तो बघ की. जेमतेम आठवड्याचा होता. कसे काळेभोर डोळे! आहे कुठे ठिपका? म्हणजे मागाहून आला. आला तसा जाईल."

या फोटोपुढे घरात कोणाचंच काही चालायचं नाही. डॉक्टर म्हणायचे, मोतीबिंदू जन्मापासूनचा असणार. फोटो म्हणायचा, नाही. आणि तोही मनातल्या मनात फोटोचीच बाजू घेत आला होता.

तो उठला. फ्रेम काढून उजेडात धरली. दोन्ही बाहुल्या काळ्या. दोन्हींत दिव्याचा एकेक कवडसा, त्याच जागी, तेवढाच तिरका. त्याने दुसऱ्यांदा पाहिलं. दोन डोळ्यांत उजेड इतका एकसारखा कधी पडत नाही, हे त्याला कोणी शिकवायला नको होतं.

तो परत खुर्चीत बसला आणि मूळ फोटो शोधू लागला. दिवसभरात किती चेहरे हाताखालून जायचे. लाल डोळे काळे करायचे, चष्म्यावरची चकाकी काढायची. हात सरावाने चालायचा, डोकं त्यात पडायचंही नाही. मूळ फोटो उघडला. उजवा डोळा लाल. डावा पांढरा.

"आई," तो म्हणाला, "फ्रेममधला डावा डोळा त्याचा नाही. उजवा उचलून मी तिथे बसवलाय."

"बसवलाय म्हणजे?"

"चकाकी वाटली. सगळ्यांची काढतो, तशी काढली."

आईने आधी फ्रेमकडे पाहिलं, मग मांडीवर. बाळ जागं होतं, तिच्या तोंडाकडे टक लावून होतं. तिने आपला तळवा अलगद त्याच्या डाव्या डोळ्यावर धरला. बाळ तसंच बघत राहिलं. तिने मान डावीकडे नेली, तशी त्याची नजर डावीकडे आली. मग तिने तळवा उचलून उजव्या डोळ्यावर ठेवला.

बाळाची मान हलली. इकडे वळली, तिकडे वळली. ओठ थरथरले.

"अरे, इथेच आहे मी," आई म्हणाली. तिने चेहरा आणखी जवळ नेला, पार नाकाला नाक लागेपर्यंत. "इथेच आहे बाळा. शोधतोयस काय?"

बाळ रडायला लागलं. तिने हात झटकन काढला, त्याला छातीशी घेतलं आणि मुलाकडे न बघता म्हणाली, "लाव फोन."

त्याने बोटं पँटला पुसली आणि नंबर लावला. पलीकडे घंटा वाजत राहिली. बायकोने त्याच्या खुर्चीची पाठ घट्ट धरली होती, ते त्याला हाडांत कळत होतं.

"हां, बोला," सिस्टर म्हणाल्या. "काय ठरलं? का परत कळवताय?"

"ठरलं," तो म्हणाला. "गुरुवारी घेऊन येतो. करा ऑपरेशन." मग पलीकडून विचारलं गेलं, नक्की तुम्हीच बोलताय ना. "हो. बाळाचा बापच बोलतोय."