मॅलकी टूहीच्या भूमिकेत

तिसरी गोळी लागली तरी मॅलकी टूही पडेना.

"पड!" पडद्याआडून फादर क्रीहन कुजबुजले. मग जरा मोठ्यानं, "अरे पड, मॅलकी! मेलास तू!"

इंग्रज कॅप्टनच्या वेशात, पुठ्ठ्याच्या पुलावर, मॅलकी ताठ उभा होता. मरायला त्याची ना नव्हती. पण समोर जो पिस्तूल रोखून उभा होता त्याच्या हातून मरायचं म्हणजे जिवावर येत होतं. समोर उभा होता मॅलकी टूही.

म्हणजे खरा नव्हे. खरा मॅलकी खोट्या मिश्या लावून मरायचा थांबला होता. समोरचा होता कापडदुकानवाला फिंटन क्युसॅक, मॅलकी टूहीच्या भूमिकेत.

पंचवीसेक वर्षांपूर्वी आयर्लंडमधल्या किलब्रॅकच्या पोरांनी गावच्या पुलावर इंग्रजांच्या गाडीवर हल्ला केला, तेव्हा मॅलकी त्यात होता. फिंटन तेव्हा लिमरिकला मावशीकडे गालगुंडानं झोपून होता. पुढे गावानं त्या लढाईवर नाटक बसवलं. फादरनी मॅलकीच्या भूमिकेसाठी दोघांकडूनही संवाद म्हणवून घेतले आणि मॅलकी दुसरा आला.

"वाईट वाटून घेऊ नकोस," फादर म्हणाले, "पण तू तुझ्यासारखा दिसत नाहीस."

इंग्रज व्हायला गावात कुणी तयार नव्हतं. निदान पुलावर तरी उभं राहता येईल म्हणून मॅलकी हो म्हणाला.

खऱ्या लढाईत तो दाढदुखीनं बेजार होऊन ओल्या चरात पालथा पडला होता आणि अख्ख्या सकाळभरात एवढंच बोलला होता, "आले वाटतं." नाटकात फिंटन मात्र पांढराशुभ्र शर्ट घालून भिंतीवर चढला. आयर्लंडला आई म्हणाला. आणि मागे राहणाऱ्या डेलियाबद्दल असं काही बोलला, की पहिल्या रांगेत बसलेल्या खऱ्या डेलियानं, मॅलकीच्या बायकोनं, रुमालच काढला.

ती लढाई मॅलकीनं तिला घरी कितीदा तरी सांगितली होती. दर वेळी ती मधेच उठून बटाटे उतरवायला गेली होती.

मध्यंतरात ती चहा घेऊन सरळ फिंटनकडे गेली. "बाई बाई, माझ्याबद्दल इतकं वाटत होतं तुला!"

"अगं, तो फिंटन आहे," मॅलकी म्हणाला.

"तू थांब रे जरा. मी मॅलकीशी बोलतेय ना!"

आणि केकचा मोठा तुकडा तिनं मॅलकीच्या बशीत ठेवला. फिंटनच्या, म्हणजे.

आता फिंटननं चौथी गोळी झाडली.

"पड की लेका," तो ओठ न हलवता म्हणाला. "लोक बघतायत."

"डेलिया बघतेय."

"मग?"

"मग मी नाही पडत."

फिंटनच्या पिस्तुलातल्या टिकल्या संपल्या. त्यानं दोनदा नुसताच चाप ओढला. मागून कुणीतरी ओरडलं, "फादर, या खेपेला इंग्रज जिंकतोय की काय?"

मॅलकीनं कमरेचं पिस्तूल काढलं आणि मॅलकीवर झाडलं.

हे नाटकात नव्हतं. फिंटन क्षणभर गोंधळला. पण तो जातिवंत नट. मरायची संधी आयती चालून आल्यावर सोडतो कशाला? झोकांडी खात तो कठड्याला टेकला. तिथून गुडघ्यांवर आला. डेलियाचं नाव घेतलं. उठला, आयर्लंडचं नाव घेतलं, आणि परत डेलियाचं. मॅलकीनं आणखी एक गोळी घातली, पण त्यामुळं भाषण उलट लांबलं. शेवटी एकदाचा तो गेला, आणि इतका देखणा गेला की सभागृहात कुणी शिंकलंसुद्धा नाही.

मग म्हाताऱ्या मिसेस गेराटीनं खुर्ची मागे सारली, गुडघे टेकले आणि जपमाळ काढली. माणूस मेल्यावर किलब्रॅकमध्ये दुसरं काही सुचत नाही. तिनं प्रार्थना सुरू केली आणि अख्खं सभागृह धाडकन गुडघ्यांवर आलं. फादर क्रीहन पडद्याआडून तरातरा बाहेर आले, रागवायला तोंड उघडलं, आणि उघडल्या तोंडानं सवयीनं प्रार्थनाच म्हणू लागले. मॅलकीनं इंग्रजी टोपी काढली आणि स्वतःच्या आत्म्याला शांती मागितली. "आमेन," फिंटन पडल्या पडल्या म्हणाला.

पुढचं आपोआप झालं. लोक उठले, रांग लागली. एकेक जण पहिल्या रांगेशी येऊन डेलियाचा हात हातात घ्यायचा आणि म्हणायचा, "तुझ्या दुःखात आम्ही आहोत गं." डेलिया मान हलवायची, नाक पुसायची.

मॅलकी रंगमंचावरून उतरला आणि रांगेत शिरला. आपल्यामागे एवढी माणसं हळहळतील असं त्याला वाटलं नव्हतं. घटकाभर बरंही वाटलं. मग त्यानं वळून पाहिलं. फिंटन पुलावर पडलेलाच होता, पण एक डोळा किलकिला करून तोही रांग बघत होता, आणि त्यालाही बरं वाटत होतं.

मॅलकीची पाळी आली. डेलियानं सुजल्या डोळ्यांनी वर पाहिलं. मिश्या. पट्टा. काखेत टोपी.

"तुझ्या दुःखात मी आहे, डेलिया," तो म्हणाला. मग त्याला राहवेना. "कसा होता गं तो?"

डेलियानं जरा विचार केला.

"शेवटी शेवटी बरं बोलायला लागला होता हो, कॅप्टनसाहेब," ती म्हणाली, आणि मागच्या माणसापुढे हात केला.