नरभक्षकांच्या टेबलावर

पुन्हा तेच वाक्य फसलं आणि सासूबाईंचं डोकं सणकलं.

काचेपलीकडच्या खोलीत सूनबाई कानांवर हेडफोन लावून माइकसमोर उभी होती. पुढ्यातल्या पडद्यावर परदेशी सिनेमा. जंगलात वाट चुकलेली एक पोरगी, माणसं खाणाऱ्या कुटुंबाच्या तावडीत सापडलेली. त्या पोरीला हिंदीत बोलतं करायचं, हे सूनबाईचं काम. आजवर तिला नुसत्या गर्दीतल्या किंकाळ्या मिळायच्या. नायिकेचा आवाज पहिल्यांदाच मिळाला होता, आणि तोही आता हातचा जायच्या बेतात होता.

सासूबाई आल्या होत्या तिला कायमचं घरी न्यायला. तुमच्याकडे रोज कोण किंचाळतं, असं शेजारपाजार विचारायला लागला होता. शिकलीसवरलेली पोर, आणि धंदा काय, तर कुणी हातपाय तोडतंय म्हणून बोंबलायचं. ऐकणाऱ्यानं तरी काय समजावं?

"हे असलं अभद्र बघतं तरी कोण?" त्यांनी शेजारी बसलेल्या डबिंगच्या डिरेक्टरला फटकारलं.

"हिंदीत आणलं की तुटून पडतात लोक, काकू. परक्या भाषेत बोलतो तोवर राक्षस त्याच्या जंगलात असतो. हिंदी बोलायला लागला की घरातला वाटतो. मग खरी भीती वाटते."

"लोकांची घरं आहेत का जंगलं?" सासूबाई करवादल्या. "आणि हिचं कुठे अडलंय? घरी सराव करताना तर छप्पर उडवते."

"किंकाळ्या झकास देते. हे एक साधं वाक्य मरतंय."

पडद्यावर पुन्हा टेबल आलं. नरभक्षकांची म्हातारी त्या पोरीपुढे ताट सरकवत होती. ताटात काय आहे ते पोरीला ठाऊक होतं. ओरडली तर संपली. तिने फक्त मान खाली घालून म्हणायचं होतं, "जी माँजी, खाती हूँ।"

सूनबाई म्हणाली. हॉटेलात बसून पाणी मागवावं, तसं म्हणाली.

डिरेक्टरने कपाळ चोळलं. "आता शेवटचं. नाही जमलं तर मला दुसरीला बोलवावं लागेल."

काचेतून सूनबाईचा उतरलेला चेहरा दिसत होता. सासूबाईंना दया यायच्या आधी राग आला. इतका वेळ घसा कोरडा करायचा, वर बोलणी खायची, आणि हे सगळं माणसं खाणाऱ्यांपायी. साउंडवाला ज्या बटणावरून आत बोलायचा, ते त्यांनी खटकन दाबलं.

"पुरे झाले तमाशे. चल घरी."

सूनबाईचे खांदे आत ओढले गेले. पडद्यावरची नजर जमिनीवर आली.

"हो आई," ती म्हणाली. "निघतेच."

डिरेक्टर खुर्चीतून अर्धा उठला. "थांब. हलू नकोस. अगदी ह्याच आवाजात हिंदीतलं म्हण."

तिने म्हटलं. साउंडवाला काटा आलेले स्वतःचे दंड चोळत राहिला.

"जमलं," डिरेक्टरने श्वास सोडला. "पुढचे सगळे सीन तूच कर. काकू, तुम्ही आलात म्हणून झालं हो."

सासूबाईंची मान ताठ झाली. "आम्ही लक्ष घातल्याशिवाय आमच्या घरात कुणाचं काही होत नाही," त्या म्हणाल्या आणि ऐसपैस टेकून बसल्या.

साउंडवाल्याने ते वाक्य चित्रावर बसवून लावलं. म्हातारीने ताट सरकवलं. पोरीने मान खाली घातली, आणि तिच्या तोंडून सूनबाईचा आवाज आला. हळू, नम्र, जीव मुठीत धरलेला.

सासूबाईंच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला. हा आवाज त्यांच्या रोजच्या कानांवरचा होता. सून लग्न होऊन घरात आली तेव्हापासून त्या तो ऐकत होत्या, आणि चारचौघांत त्याला सुनेचं चांगलं वळण म्हणून मिरवत होत्या.